वेळ दुरुस्त करून मिळेल: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

माझ्या वडिलांचं घड्याळदुरुस्तीचं छोटं दुकान होतं. पाटीसाठी त्यांनी पेंटरला मजकूर दिला होता, 'घड्याळांची वेळ दुरुस्त करून मिळेल'. पेंटरने पहिला शब्द वरच्या कोपऱ्यात बारीक काढला. दोन पावसाळ्यांत तो धुऊन गेला आणि खाली ठळक अक्षरांत उरलं, 'वेळ दुरुस्त करून मिळेल'. मग काय, येणारा-जाणारा थांबून विचारायचा, "अण्णा, माझी बारावी दुरुस्त करून द्या की." वडील डोळ्यावरची काच न काढता म्हणायचे, "पावती आणलीय?"

दुकान आता नाही, प्रश्न मात्र अजून येतात. भाच्याला कालयंत्र हवं असतं, शेजारच्या काकूंना अधिक महिन्याचं गणित हवं असतं, आणि मोबाईल विकणाऱ्या मित्राला त्यातलं घड्याळ आपोआप बरोबर कसं राहतं ते कळत नसतं. प्रत्येकाला वेगळं उत्तर देण्यापेक्षा एकदाच सगळं लिहून काढलं.

काळ दुरुस्त करणारं यंत्र खरंच आहे का?

गोष्टींमध्ये आहे. तिथे काळाला चीर जाते, कालचा दिवस आजच्यात झिरपायला लागतो, मग कुणीतरी पेटीएवढं यंत्र घेऊन जातो आणि टाके घालून येतो. प्रत्यक्षात काळ असा फाटल्याचं कुणी पाहिलेलं नाही. १९४९ मध्ये कुर्ट गोडेल या गणितज्ञाने आइन्स्टाइनच्याच समीकरणांतून असं एक विश्व काढून दाखवलं, की ज्यात पुढे पुढे जात राहणारा माणूस स्वतःच्याच भूतकाळात जाऊन पोचेल. पण ते विश्व सबंधच्या सबंध गरगरणारं आहे आणि आपलं तसं दिसत नाही. स्टीफन हॉकिंगने २००९ च्या जूनमध्ये कालप्रवाशांसाठी मेजवानी ठेवली आणि आमंत्रण जाहीर केलं मेजवानी उरकल्यावर. भविष्यातून मागे येऊ शकणाऱ्यालाच ती गाठता आली असती. कुणी फिरकलं नाही.

बिघडतो तो काळाचा हिशेब. पृथ्वीची गिरकी, चंद्राचा फेरा आणि सूर्याभोवतीची प्रदक्षिणा ही तीन चाकं एकमेकांत बसत नाहीत. चांद्रमहिना साडेएकोणतीस दिवसांहून किंचित मोठा. ऋतूंचं वर्ष ३६५ दिवस, ५ तास, ४८ मिनिटं आणि वर पाऊण मिनिट. असल्या दात्यांची चाकं घालून कुणी घड्याळ आणलं असतं तर वडिलांनी ते हातात न घेताच परत केलं असतं. माणसाने हजारो वर्षं ते चालवलंय, सारखी डागडुजी करत.

डागडुजी करतात म्हणजे नेमकं काय करतात?

दोनच गोष्टी करता येतात. एक तर काटा सरकवायचा, नाहीतर घड्याळाचा वेग बदलायचा. मनगटी घड्याळाच्या मशीनमध्ये बॅलन्स व्हीलजवळ, म्हणजे ठेका धरणाऱ्या चाकाजवळ, एक बारीक पट्टी असते, तिच्या एका टोकाला एफ आणि दुसऱ्याला एस कोरलेलं असतं, फास्ट आणि स्लो. ती केसभर हलवली की दिवसाला मिनिटभराचा फरक पडतो. काटा सरकवणं गिऱ्हाईकाला दिसतं, पट्टी हलवणं दिसत नाही. त्यामुळे नुसता काटा सरकवून पैसे घेणारेही बाजारात होते, आणि त्यांचं गिऱ्हाईक आठवड्याने परत यायचं.

खाली ज्या दुरुस्त्या येतील त्यांत हे दोन प्रकार ओळखता आले की अर्धं काम झालं.

काळ सगळीकडे एकाच वेगाने जातो ना?

जात नाही, आणि ही कविकल्पना नव्हे. जितकं उंचावर जावं तितकं गुरुत्वाकर्षण कमी आणि घड्याळ जलद. कळसूबाईची उंची १६४६ मीटर. शिखरावरचं घड्याळ समुद्रसपाटीवरच्या घड्याळापेक्षा रोज साधारण साडेपंधरा नॅनोसेकंद (नॅनोसेकंद म्हणजे सेकंदाचा अब्जावा भाग) पुढे जातं. जन्मभर, म्हणजे समजा सत्तर वर्षं, शिखरावरच मुक्काम ठोकला तर मुंबईत चौपाटीवर बसलेल्या जुळ्या भावापेक्षा तुमचं वय ०.४ मिलिसेकंदाने जास्त भरेल. डोळ्याची पापणी लवायलाही याहून कितीतरी जास्त वेळ लागतो, तेव्हा ट्रेक रद्द करू नका.

हे नुसतं कागदावर नाही. १९७१ मध्ये हाफेले आणि कीटिंग या दोघांनी सीझियमची अणुघड्याळं प्रवासी विमानांत ठेवून पृथ्वीप्रदक्षिणा केली. पूर्वेकडे जाऊन आलेली घड्याळं ५९ नॅनोसेकंद मागे पडली, पश्चिमेकडून आलेली २७३ नॅनोसेकंद पुढे गेली. आता तर एक मिलिमीटर उंचीने पडणारा फरकही प्रयोगशाळेत मोजता आला आहे.

मग मोबाईलमधला नकाशा चुकत कसा नाही?

कारण तिथे दुरुस्ती केलेली असते, आणि ती पट्टी हलवण्याच्या जातीची. जीपीएसचे उपग्रह सुमारे वीस हजार किलोमीटर उंचीवर फिरतात. वेगामुळे त्यांची घड्याळं दिवसाला सात मायक्रोसेकंद (सेकंदाचे दशलक्षावे भाग) मागे पडतात, उंचीमुळे पंचेचाळीस मायक्रोसेकंद पुढे जातात. वजाबाकी केली की रोज अडतीस मायक्रोसेकंद पुढे. ही चूक तशीच सोडली तर प्रकाशाच्या वेगाने तिचा अर्थ दिवसाला अकरा किलोमीटर होतो. सकाळी शनिवारवाड्यापाशी असलेला ठिपका दुसऱ्या दिवशी भलत्याच गावाच्या शिवारात.

यावरचा इलाज मला फार आवडतो. घड्याळाची ठरलेली कंपनसंख्या १०.२३ मेगाहर्ट्झ. ते जमिनीवर असतानाच मुद्दाम १०.२२९९९९९९५४३ वर लावतात, म्हणजे कारखान्यातून निघतानाच घड्याळ जाणूनबुजून स्लो. वर गेलं की आपोआप बरोबर. उन्हाळ्यात लंबकाची दांडी तापून लांबते आणि घड्याळ मागे पडतं, म्हणून वडील फेब्रुवारीत दुरुस्तीला आलेलं घड्याळ थोडं फास्ट लावून द्यायचे. तत्त्व तेच.

'नाविक' या आपल्या स्वदेशी जीपीएसला तर घड्याळांनीच रडवलं. पहिल्या उपग्रहावरची तिन्ही रुबिडियम घड्याळं बंद पडली आणि धडधाकट उपग्रह नकाशाच्या कामातून बाद झाला. ती घड्याळं परदेशी होती. २९ मे २०२३ ला सोडलेल्या उपग्रहावर पहिल्यांदा स्वदेशी अणुघड्याळ बसवलं. अंतराळात घड्याळजी पाठवता येत नाही.

एका अख्ख्या खंडाची घड्याळं मागे पडली होती म्हणे?

पडली होती. काळदुरुस्तीचं खरंखुरं तंत्रज्ञान बघायचं असेल तर हेच उदाहरण घ्या.

युरोपात ओव्हनवरची आणि उशाशी ठेवलेल्या रेडिओतली अनेक घड्याळं विजेच्या तालावर चालतात. वीज सेकंदाला पन्नास हेलकावे घेते, घड्याळ ते हेलकावे मोजतं आणि पन्नास झाले की एक सेकंद पुढे जातं. स्पेनपासून तुर्कस्तानपर्यंतचे देश एकाच जाळ्यात जोडलेले असल्यामुळे सगळीकडे एकच ठेका. २०१८ च्या जानेवारीत कोसोव्हो आणि सर्बियामध्ये वीज कुणी पुरवायची यावरून तंटा पेटला. कोसोव्हो जाळ्यातून घेत होता तितकी वीज परत घालत नव्हता आणि तूट भरायला सर्बिया तयार नव्हता. सगळ्या जाळ्याचा ठेका किंचित मंदावला, पन्नासाऐवजी सरासरी ४९.९९६. दिवसाला सात सेकंद म्हणजे कुणाच्या लक्षात येतंय! पण मार्च उजाडेपर्यंत खंडभरातली ती घड्याळं जवळजवळ सहा मिनिटं मागे होती. लोक कामावर उशिरा पोचले आणि कुणाला काही उमगेना, कारण घरातली दोन-तीन घड्याळं एकमेकांशी जुळत होती.

कोट्यवधी घरांत शिरून काटे सरकवणार कोण? म्हणून वेग बदलला. भांडण मिटल्यावर जाळं काही आठवडे ५०.०१ हर्ट्झवर चालवलं आणि हरवलेली सहा मिनिटं परत भरून काढली. ज्यांनी मध्येच हाताने घड्याळ लावून घेतलं होतं त्यांची घड्याळं आता पुढे गेली, हा भाग वेगळा. आपल्याकडे भिंतीवरची घड्याळं सेलवर चालतात, आत सेकंदाला ३२,७६८ कंपनं करणारा क्वार्ट्झचा स्फटिक असतो, म्हणून महावितरणच्या कारभाराचा त्यांच्यावर परिणाम होत नाही. एरवी कल्पना करा.

लीप सेकंद ही काय भानगड आहे?

१९६७ मध्ये सेकंदाची व्याख्या पृथ्वीकडून काढून सीझियमच्या अणूकडे दिली: ९,१९२,६३१,७७० कंपनं म्हणजे एक सेकंद. अणू कधी थकत नाही. पृथ्वी थकते. भरती-ओहोटीच्या घर्षणाने तिची गिरकी मंदावत जाते आणि त्या बदल्यात चंद्र वर्षाला ३.८ सेंटिमीटर दूर सरकतो. अणूचं घड्याळ आणि पृथ्वी यांच्यात ०.९ सेकंदापेक्षा जास्त अंतर पडू द्यायचं नाही असं ठरलं, आणि १९७२ पासून गरज पडेल तेव्हा एक सेकंद जास्तीचा घालायला सुरुवात झाली. आजवर असे २७ सेकंद घातले. शेवटचा ३१ डिसेंबर २०१६ च्या मध्यरात्री, ग्रिनिचच्या. आपल्याकडे तेव्हा १ जानेवारी २०१७ ची पहाट होती आणि दिल्लीच्या राष्ट्रीय भौतिकी प्रयोगशाळेत ५ वाजून २९ मिनिटं ५९ सेकंदांनंतर ५ वाजून २९ मिनिटं ६० सेकंद झाले. मग साडेपाच.

हा शुद्ध काटा सरकवण्याचा प्रकार, आणि त्याचे सगळे तोटे त्यात आले. साठावा सेकंद असतो हे संगणकांना पटत नाही. ३० जून २०१२ च्या लीप सेकंदाला लिनक्सवर चालणारे असंख्य सर्व्हर गोंधळून जागच्या जागी धापा टाकू लागले, ऑस्ट्रेलियात विमानतळांवर प्रवाशांचं चेक-इन हाताने करावं लागलं. म्हणून गूगलने पट्टी हलवण्याची युक्ती काढली: तो एक सेकंद दिवसभरात पसरून टाकायचा. चोवीस तास प्रत्येक सेकंद साधारण साडेअकरा मायक्रोसेकंदांनी लांब करायचा, कुणाला पत्ता लागत नाही. आमटीत पाणी वाढवण्यासारखंच हे, फक्त प्रमाणात.

पुढे काय होणार?

नोव्हेंबर २०२२ मध्ये देशोदेशींच्या मापनशास्त्रज्ञांनी ठराव केला की २०३५ पर्यंत ही ०.९ ची मर्यादा वाढवायची. थोडक्यात, लीप सेकंदाची कटकट आपल्या नातवंडा-पतवंडांवर ढकलायची. शास्त्रज्ञांकडे तसं पुरेसं कारण आहे. अलीकडे पृथ्वीने उलटाच सूर लावलाय. ५ जुलै २०२४ चा दिवस चोवीस तासांपेक्षा १.६६ मिलिसेकंद लहान भरला. असंच चाललं तर एखादा सेकंद कापावा लागेल, आणि सेकंद कापण्याची वेळ आजवर एकदाही आलेली नाही. वाढीव सेकंदाने एवढा घोळ घातला तर वजा सेकंद काय करील, या धास्तीने सगळे घाईला आले आहेत.

१५८२ साली दहा दिवस गायब झाले म्हणजे लोकांचं आयुष्य कमी झालं का?

आयुष्य नाही, तारखा. रोमच्या ज्युलियस सीझरने वर्ष ३६५ दिवस आणि सहा तासांचं धरलं. ते खऱ्यापेक्षा सव्वाअकरा मिनिटांनी लांब. १२८ वर्षांत एक दिवसाची चूक साठते, सोळा शतकांत ती डोळ्यांवर आली. ईस्टरचा सण ऋतूंपासून घसरत चालला तेव्हा पोप तेरावे ग्रेगरी यांनी दुरुस्ती केली. गुरुवार ४ ऑक्टोबर १५८२ नंतर एकदम शुक्रवार १५ ऑक्टोबर. वाराची माळ तुटू दिली नाही हे बघा. स्पेनमधल्या संत तेरेसा त्याच रात्री वारल्या, ४ आणि १५ ऑक्टोबरच्या मधल्या रात्री.

या दुरुस्तीचं मला कौतुक वाटतं ते वेगळ्या कारणाने. दहा दिवस वगळणं म्हणजे काटा सरकवणं, आणि ते सगळ्यांना आठवतं. पण त्याचबरोबर पट्टीही हलवली: शतकाच्या वर्षाला ४०० ने भाग जात नसेल तर ते लीप वर्ष नाही. म्हणून १९०० ला २९ फेब्रुवारी नव्हता आणि २००० ला होता. ही दुसरी दुरुस्ती केली नसती तर ते दहा दिवस काही शतकांनी पुन्हा वगळावे लागले असते.

इंग्लंड हटून बसलं आणि १७५२ मध्ये वाकलं, २ सप्टेंबरनंतर थेट १४ सप्टेंबर. तोवर फरक अकरा दिवसांचा झाला होता. 'आमचे अकरा दिवस परत द्या' म्हणून तिथे दंगली झाल्या ही गोष्ट चवीने सांगतात, पण तिला पुरावा जवळजवळ नाही. खरी पंचाईत पैशाची झाली: वर्षाचा कर भरायचा आणि दिवस अकरा कमी? म्हणून करवर्षाची अखेर तेवढी पुढे ढकलली. ब्रिटनचं करवर्ष आजही ६ एप्रिलला सुरू होतं ते त्यामुळे.

याचा आपल्या इतिहासाशी काही संबंध?

आहे, आणि तो फार थोड्यांना माहीत असतो. शिवाजी महाराजांची जन्मतारीख म्हणून १९ फेब्रुवारी १६३० आणि राज्याभिषेकाची म्हणून ६ जून १६७४ आपण पाळतो. या दोन्ही तारखा जुन्या, ज्युलियन कालगणनेतल्या आहेत. आजचं कॅलेंडर मागे नेलं तर त्या १ मार्च १६३० आणि १६ जून १६७४ होतात. इंग्रज तेव्हा जुनी पद्धत पाळत होते आणि पोर्तुगीज नवी, त्यामुळे एकाच दिवशी सुरतेच्या वखारीत लिहिलेल्या इंग्रजी पत्रावर आणि गोव्यातल्या पोर्तुगीज पत्रावर दहा दिवसांच्या फरकाने तारीख पडायची. भरीस भर म्हणजे इंग्रजांचं वर्ष २५ मार्चला बदलायचं. त्यांच्या कागदात १६३० चा फेब्रुवारी १६२९ म्हणून आला असता.

तिथीला यातलं काही लागू होत नाही. फाल्गुन वद्य तृतीया, शके १५५१. ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशी, शके १५९६. चंद्र कुठे होता हे एकदा लिहून ठेवलं की पोपने काही करो, राजाने काही करो, तो दिवस गणिताने शोधून काढता येतो. मी स्वतः अमावास्येपासून मोजून पाहिलं: १६ जून १६७४ ला चंद्र तेराव्या तिथीवरच येतो. नव्या पद्धतीच्या ६ जूनला येत नाही. जयंती तारखेने की तिथीने, या वादात मला पडायचं नाही. दोन्ही बाजूंनी एकदा हे गणित मांडून बघावं एवढंच.

अधिक महिना का येतो? आणि जावयाला अनारसे का द्यायचे?

बारा चांद्रमहिन्यांचे ३५४ दिवस होतात, सौरवर्षाचे ३६५. दर वर्षी अकरा दिवसांची तूट. ती भरायचीच नाही असंही करता येतं. इस्लामी कालगणनेत भरत नाहीत, म्हणून ईद ऋतूऋतूंतून फिरत साधारण तेहतीस वर्षांनी त्याच जागी येते. आपल्याकडे दिवाळी पावसात आणि होळी थंडीत गेलेली चालत नाही, म्हणून साचलेली तूट एका महिन्याने भरून काढतात. जुना श्लोक हिशेब सांगतो: बत्तीस महिने, सोळा दिवस आणि चार घटिका झाल्या की अधिक महिना पडतो. एकोणीस वर्षांत असे सात.

महिना कुठे घुसवायचा हे कुणाच्या मर्जीवर सोडलेलं नाही, आणि ही मला या सगळ्या दुरुस्त्यांमधली सर्वांत देखणी गोष्ट वाटते. सूर्य दर महिन्याला एक रास ओलांडतो, ती संक्रांत. ज्या चांद्रमहिन्यात एकही संक्रांत पडत नाही तो अधिक. बस्स. पोप नको, समिती नको, फतवा नको. तूट साचत साचत एवढी होते की महिना आपोआप रिकामा सापडतो आणि पुढच्या महिन्याचं नाव घेतो. २०२० ला अधिक आश्विन होता, २०२३ ला अधिक श्रावण, २०२६ ला अधिक ज्येष्ठ.

याच्या उलटही कधीतरी होतं. जानेवारीच्या आसपास पृथ्वी सूर्याच्या सर्वांत जवळ असते, सूर्य आकाशात भरभर सरकल्यासारखा दिसतो आणि एका चांद्रमहिन्यात दोन संक्रांती बसून जातात. मग एक महिना चक्क गाळावा लागतो, तो क्षयमास. १९६३-६४ ला आणि १९८२-८३ ला आला होता. त्याच्या अलीकडे आणि पलीकडे एकेक अधिक महिनाही येतो, म्हणजे वजा एक, अधिक दोन. पुढचा क्षयमास २१२३-२४ ला, तेव्हा आत्ता घाई नाही.

अनारशांचं म्हणाल तर धोंड्याच्या महिन्यात मुलगी-जावयाला बोलावून तांब्याच्या ताम्हनात तेहतीस अनारसे आणि दिवा ठेवून देतात. तेहतीसच का? अकरा दिवस गुणिले तीन वर्षं, असं एक उत्तर ऐकायला मिळतं. तेहतीस कोटी देव असंही सांगतात. आमच्या आजीचं उत्तर निराळं होतं: "बत्तीस केले तर विहीणबाई मोजतात."

मग वेगवेगळ्या पंचांगांत सण वेगळे का?

कारण संक्रांत कधी झाली हे राशींची सुरुवात कुठून धरता यावर ठरतं. बहुतेक पंचांगं चित्रा ताऱ्यावरून मोजतात. लोकमान्यांच्या नावाचं टिळक पंचांग रेवतीवरून मोजतं. दोन्हींत जवळजवळ चार अंशांचं अंतर आहे, म्हणून टिळक पंचांगात मकरसंक्रांत १४ जानेवारीऐवजी १० जानेवारीच्या सुमारास येते. एरवी हे चालून जातं. पण अमावास्या नेमकी त्या चार दिवसांच्या फटीत पडली की अधिक महिना एका पंचांगात इथे आणि दुसऱ्यात तिथे. मग कोकणात एकाच वाडीत एका घरचा गणपती दुसऱ्या घराच्या महिनाभर आधी विसर्जन होऊन गेलेला असतो. आणि दोघंही बरोबर असतात, हे समजावून सांगताना तोंडाला फेस येतो.

खरा बिघाड दोन्हींत सारखाच आहे. आपलं नाक्षत्र वर्ष ऋतूंच्या वर्षापेक्षा वीस मिनिटांनी मोठं, म्हणून सत्तर-बहात्तर वर्षांत एक दिवस घसरतो. सूर्य उत्तरेकडे वळतो २१-२२ डिसेंबरला आणि आपण उत्तरायणाचा तिळगूळ वाटतो तीन आठवड्यांनी. केरूनाना छत्र्यांनी १८६५ मध्ये पटवर्धनी पंचांग काढलं तेव्हापासून महाराष्ट्रात यावर शाई खर्च होते आहे. १९५२ मध्ये केंद्राने मेघनाद साहा यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली. नागपूरचे डॉ. के. ल. दप्तरी आणि 'केसरी'चे माजी संपादक ज. स. करंदीकर तिच्यात होते. समितीने पट्टी नीट बसवली: २२ मार्च १९५७ म्हणजे १ चैत्र शके १८७९, वर्षाची सुरुवात कायमची वसंतसंपाताला, म्हणजे मार्चमधल्या समान दिवस-रात्रीला बांधलेली, महिने ठरावीक दिवसांचे. साहा तो दिवस बघायला राहिले नाहीत, आदल्या वर्षी गेले. आज ही तारीख सरकारी राजपत्रावर असते आणि आकाशवाणीवर ऐकू येते. तिच्यावरून कुणी गुढी उभारत नाही. दुरुस्ती उत्तम होती, गिऱ्हाईकाने घड्याळच घरी नेलं नाही.

मुंबईचं घड्याळ वेगळं होतं हे खरं का?

खरं. मुंबई टाईम ग्रिनिचच्या ४ तास ५१ मिनिटं पुढे. रेल्वे मात्र मद्रासच्या वेळेवर चालायची, ती अर्धा तास आणखी पुढे. शहराच्या घड्याळावर विसंबून निघालात तर गाडी गेलेली. १८८१ मध्ये सरकारने मद्रासची वेळ मुंबईवर लादून पाहिली, शहराने ती चालू दिली नाही. १ जानेवारी १९०६ पासून देशभर साडेपाच तासांची प्रमाणवेळ आली, तरी मुंबई ३९ मिनिटं मागे राहण्याचा हट्ट स्वातंत्र्यानंतरही काही वर्षं धरून होती. त्या काळी वेळ ठरवताना 'मुंबई टाईम की स्टँडर्ड?' असं विचारून घ्यावं लागे.

सूर्याने अजून स्टँडर्ड टाईम मान्य केलेला नाही. मुंबईत तो सरासरी १२ वाजून ३९ मिनिटांनी माथ्यावर येतो. आसामच्या चहामळ्यांत तर घड्याळ तासभर पुढे ठेवतात, त्याला बागान टाईम म्हणतात.

आख्खा एक दिवस वगळता येतो?

सामोआने वगळला. २९ डिसेंबर २०११ नंतर तिथे ३१ उजाडला, कारण व्यापार ऑस्ट्रेलिया-न्यूझीलंडशी आणि वार मात्र अमेरिकेचा, हे जमेना. स्वीडनने उलट केलं: अर्धवट दुरुस्ती करून अडकले आणि निस्तरताना १७१२ साली ३० फेब्रुवारी पाळला. अर्धवट दुरुस्तीइतकं वाईट काही नाही, कुठल्याही घड्याळजीला विचारा.

२०३८ मध्ये काय होणार आहे?

जुने संगणक १ जानेवारी १९७० पासून सेकंद मोजतात आणि त्यांच्या खणात २,१४७,४८३,६४७ च्या पुढचा आकडा मावत नाही. १९ जानेवारी २०३८ ला सकाळी ८ वाजून ४४ मिनिटं ७ सेकंदांनी आपल्याकडे तो खण भरेल, आणि पुढच्या सेकंदाला ती यंत्रं १९०१ साल दाखवतील. खण मोठा करणं हाच उपाय, नव्या यंत्रांत तो केलेलाही आहे. काळजी आहे ती भिंतीत बसवून विसरलेल्या जुन्या यंत्रांची.

गेलेली वेळ परत मिळते का?

नाही. पावती असली तरी.

आमचं आजोबांच्या काळचं लंबकाचं घड्याळ रोज दोन मिनिटं मागे पडतं. काय करू?

आधी घड्याळ सरळ टांगलंय का बघा. टिक आणि टॉक यांच्यात सारखं अंतर ऐकू यायला हवं. लंगडत असेल तर खालून किंचित डावी-उजवीकडे सरकवून बघा. मग लंबकाच्या तबकडीखाली एक छोटा नट दिसेल. घड्याळ मागे पडत असेल तर तबकडी वर घ्यायची. लंबक पाव मीटरचा असेल तर दोन मिनिटांसाठी जेमतेम पाऊण मिलिमीटर पुरतं, म्हणजे नटाचा साधारण एक फेरा. एका हाताने दांडी धरून दुसऱ्याने नट फिरवा, नाहीतर वरची पातळ पट्टी पिळवटते आणि ती आता सहजासहजी मिळत नाही. मग काटा बरोबर लावा आणि दोन दिवस हात लावू नका. तेल घालायची हौस असेल तर खोबरेल किंवा शिलाई मशीनचं घालू नका.